बाबांची कात्रणं आणि तळवलकरांचे अग्रलेख



गेल्या महिन्यात बेर्शेबाहून चुलतभावानं एक जाड पाकीट पाठवलं. काका गेल्यावर त्यांचं कपाट आवरताना ते सापडलं होतं. हॉर्नबीच्या आमच्या घरी ते उघडलं, तेव्हा मुलांना वाटलं, जुने फोटो असतील. आत निघाली महाराष्ट्र टाइम्सची पिवळी पडलेली कात्रणं. लग्नाची नाही, मयताची नाही, एकही घरची बातमी नाही. सगळे अग्रलेख. अग्रलेखाखाली नाव नसतं, म्हणून बाबांनी समासात पेन्सिलीनं लिहिलं होतं, ‘तळवलकर’. अग्रलेख सहायक संपादकही लिहितात, त्यामुळे बाबांचा अंदाज कधी चुकलाही असेल. पण भाषेवरून आपण माणूस ओळखतो, असा त्यांचा दावा होता.

ही कात्रणं बेर्शेबाला कशी गेली, ते आधी सांगायला हवं. काका इस्राएलला गेले, बाबा ठाण्यातच राहिले. तुमच्यापैकी बहुतेकांच्या घरी हेच झालं असेल. जायचं की राहायचं, यावरून दोघा भावांत जे बोलणं झालं ते आम्ही भावंडांनी दाराआडून ऐकलं, आणि त्यानंतर बरीच वर्षं त्यांच्यात पत्र नव्हतं. बाबा म्हणायचे, “तिकडे मला सकाळी पेपर कोण आणून देणार?” आम्हाला ती थट्टा वाटायची. ती अर्धीच थट्टा होती.

तळवलकरांचा जन्म २२ जुलै १९२५ चा, डोंबिवलीचा. म्हणजे आमच्याच मध्य रेल्वेच्या लाइनवरचा माणूस, हे बाबा अभिमानानं सांगत. १९५० पासून बारा वर्षं त्यांनी लोकसत्तेत काम केलं. १९६२ साली महाराष्ट्र टाइम्स निघाला, तेव्हा ते तिकडे गेले. १९६८ साली संपादक झाले आणि १९९६ पर्यंत त्या खुर्चीवर होते. बोरीबंदर स्टेशनसमोरच्या इमारतीत बसून त्यांनी मुंबईचं राजकारण तर लिहिलंच, पण दिल्ली, लंडन आणि मॉस्कोही मराठीत आणलं. रेल्वे वर्कशॉपमध्ये काम करणारे आमचे बाबा रशियातल्या घडामोडींवर वाद घालत, ते या अग्रलेखांच्या जोरावर.

त्यांचं लिहिणं सरळ होतं. वाक्यं छोटी, शब्द नेमके, आणि बोचायचं तिथे बोचणारे. त्यामागे वाचन मोठं. स्वातंत्र्याच्या वेळच्या घडामोडींवर त्यांनी ‘सत्तांतर’चे तीन खंड लिहिले, सोव्हिएत साम्राज्याचा उदय आणि अस्त लिहिला, न्यायमूर्ती रानड्यांवर लिहिलं. ‘वाचता वाचता’मधून ते वाचकाला इंग्रजी पुस्तकांची ओळख करून देत. आमच्या घरी त्यातली पुस्तकं विकत घ्यायला पैसे नव्हते, पण ती आहेत एवढं तरी कळत होतं.

सगळ्यांना ते पटायचे असं नाही. यशवंतराव चव्हाणांविषयीचा त्यांचा आदर लपून राहत नसे, आणि टीकाकार त्यावर बोट ठेवत. बाबाही ठेवत. रागावून पेपर टेबलावर आपटायचे, आणि दुसऱ्या दिवशी पेपरवाल्याची वाट बघत दारात उभे.

१९७८ साली आम्ही मुली नर्सिंगच्या हॉस्टेलवर होतो. मेसमध्ये एकच पेपर यायचा, एकेक पान वाटून घ्यायचो. त्या वर्षी राज्यात वसंतदादा पाटलांचं सरकार होतं, दोन काँग्रेस मिळून चालवलेलं, आणि आतून खिळखिळं झालेलं. तळवलकरांनी अग्रलेख लिहिला. ‘श्रींची इच्छा’ हे शिवाजी महाराजांच्या आठवणीशी जोडलेले शब्द घेऊन, हे सरकार जावं हीच ती इच्छा, असं त्यांनी सुचवलं. जुलैत शरद पवार बाहेर पडले, सरकार पडलं, आणि अडतिसाव्या वर्षी पवार मुख्यमंत्री झाले. एका लेखानं सरकार पडत नाही हे आम्हालाही कळत होतं. पण त्या लेखाची आठवण राजकारणातली माणसं नंतर कितीतरी वर्षं काढत राहिली. वॉर्डात सलाइन लावलेले पेशंटसुद्धा विचारायचे, “सिस्टर, आज काय लिहिलंय?”

याच सुमाराचं एक कात्रण पाकिटात आहे. बाबांनी सोबत पत्र लिहिलेलं नाही. पण समासात, बाबांच्या पेन्सिलीखाली, निळ्या शाईत काकांचं अक्षर आहे: “दादांचं सरकार पडलं का? पुढचं पाठव.”

मग आम्ही सगळीच कात्रणं उलटसुलट करून पाहिली. बाबा पाठवायचे, काका समासात उत्तर लिहून तेच कात्रण परत पाठवायचे, बाबा त्यावर आणखी एक ओळ लिहून पुन्हा रवाना करायचे. “हे मला पटत नाही.” “तुला कधी पटलं होतं?” एका कात्रणाच्या कोपऱ्यात काकांनी विचारलंय, “आईचा गुडघा कसा आहे?” आम्ही समजत होतो, दोघा भावांचं बोलणं तुटलंय. ते तर अग्रलेखांच्या कडेनं चालूच होतं, आणि आम्हाला कुणालाच पत्ता नव्हता.

निवृत्तीनंतर तळवलकर अमेरिकेत, ह्यूस्टनला राहायला गेले. तिथूनही ते मराठीत लिहीत राहिले. ‘साधना’ साप्ताहिकात त्यांचे लेख यायचे, अगदी शेवटपर्यंत. २१ मार्च २०१७ ला ते ह्यूस्टनलाच गेले, एक्याण्णव वर्षांचे होऊन. इथे आमचा २२ तारखेचा दिवस उजाडला होता. आम्ही दोघं चहा घेत होतो आणि फोनवर बातमी आली. बाबा असते तर म्हणाले असते, बघा, परदेशात राहूनसुद्धा सकाळचा पेपर लिहिता येतो.

आपल्या समाजालाही हे नवं नाही. १८७४ साली पुण्यात हिब्रू-मराठी हगादा छापली गेली. १९१७ पासून दहा वर्षं ‘द इझ्रायलाइट’ इंग्रजी-मराठीत निघत होतं, आणि त्यात आपली माणसं समाजाच्या राजकारणावर एकमेकांशी भांडत होती. इस्राएलमध्ये ‘मायबोली’ निघतं. म्हणजे आपल्याला मराठी फक्त मलिद्यापुरती आणि लग्नातल्या गाण्यांपुरती नव्हती. विचार करायला, वाद घालायला होती. आता आमच्या घरात ती “जेवलास का” एवढ्यावर आली आहे. हा दोष मुलांचा नाही. ड्यूटीवरून थकून आल्यावर आम्हीच त्यांच्याशी इंग्रजीत बोलायला लागलो.

गेल्या शब्बाथला नातीनं विचारलं, “अग्रलेख म्हणजे काय?” आम्ही एक कात्रण मोठ्यानं वाचून दाखवलं. निम्मं तिला कळलं नाही. समासातली काकांची ओळ वाचली तेव्हा मात्र ती हसली, आणि म्हणाली, “आणखी एक वाचा.”

तुमच्याकडे आईवडिलांच्या ट्रंकेत असे जुने कागद असतील, तर बातमी शिळी आहे म्हणून फेकू नका. आधी समास बघा.