दादाच्या चपला

“काहून मारला हो भाऊ तुम्ही त्याले?”

गोकुळपेठ बाजारात सांबाराची जुडी हातात धरून काकूंनी मला गाठलं. (सांबार म्हणजे आमच्या नागपूरची कोथिंबीर. पुण्या-मुंबईच्या वाचकांनी उगाच इडली आठवू नये.) भाजीवालाही वजन करायचं थांबवून माझ्याकडे बघू लागला.

“मारला नाही काकू. बेपत्ता झालाय.”

“एकच आहे नं बाप्पा ते. येऊन राहिला का वापस?”

मी गप्प बसलो. खरं सांगायचं तर तो वापस येणार की नाही, हे मलाही कोणी सांगितलं नव्हतं.

मी मालिकांचे संवाद लिहितो, तेही नागपुरात बसून. पूर्वी दर महिन्याला विदर्भ एक्सप्रेसने मुंबई गाठावी लागायची, आता फोनवर भागतं. तो फोनही भर मे महिन्यात आला होता. बाहेर 45 अंश, खोलीत कूलरचा घरघराट, पलीकडे मालिकेची क्रिएटिव्ह. “सर, दादाने दुसरीकडे काम घेतलंय. आपल्याकडे त्याच्या दोनच दिवसांच्या डेट्स उरल्यात.” दादा म्हणजे आमचा नायक. घरातला थोरला मुलगा, धाकट्यांचा दादा, आणि चार वर्षांत प्रेक्षकांचाही. शूट होऊन हातात असलेली बँक किती, तर चार एपिसोड. म्हणजे आठवड्याच्या आत दादा घरातून गेलेला हवा.

माणूस घालवायच्या वाटा ठरलेल्या असतात. घाटात गाडी, अमेरिकेत नोकरी, तुरुंग, स्मृतिभ्रंश, नाहीतर प्लास्टिक सर्जरी करून नवा चेहरा. मला सरळ मरण हवं होतं. चॅनेलचं म्हणणं, दार उघडं ठेवा, बॉडी दाखवायची नाही. धंद्यातला हा नियम जुना आहे आणि बिनबुडाचाही नाही. ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’मधला मिहीर गेला तेव्हा देशभर एवढा गहजब झाला की त्याला परत आणावं लागलं. तेव्हापासून गाडी दरीत कोसळते, माणूस मात्र सापडत नाही.

पण बॉडी नाही म्हणजे काय होतं, ते घर लिहिणाऱ्याला विचारा. तेरावा घालता येत नाही. आईला धाय मोकलून रडता येत नाही. कपडेपटातून फोन येतो, वहिनीचं मंगळसूत्र ठेवायचं की काढायचं? ठेवायचं. मग टिकली? तीही. सात वर्षं माणसाची काही खबर नसेल, तर कायदा त्याला मेलेला धरतो. सात वर्षं आमची मालिका तरी चालणार होती का?

त्या दोन दिवसांत काय शूट करून घ्यायचं, यावर मी एक रात्र घालवली. सगळ्यांना निरोपाचा मोठा प्रसंग हवा होता. मी मागितलं ते वेगळंच: दादा फोनवर बोलतोय असे चार-पाच तुकडे, पाठमोरा जिना उतरतानाचा एक शॉट, आणि नुसत्या आवाजात नऊ वाक्यं. “पोचलो की कळवतो.” “तू जेवून घे.” “आईला सांगू नकोस.” कोणत्याही ट्रॅकला चिकटतील अशी. घरात दुष्काळाची बेगमी करतात, त्यातलाच प्रकार. पुढच्या दोन महिन्यांत त्यातली सहा वापरली.

जाण्याचा आठवडा छान गेला. खरं संकट तिसऱ्या आठवड्यात उभं राहिलं. लिहायला बसावं आणि सीनच सुचू नये. वन लाइन समोर आहे, पात्रं आहेत, भांडणंही आहेत, पण दुसऱ्या पानावर सगळी मुकी. दोन दिवस मी कूलरमध्ये पाणी भरत आणि उन्हाळ्याला शिव्या देत काढले. शेवटी आईचं काम करणाऱ्या ज्येष्ठ अभिनेत्रींचा फोन आला. त्यांनी सहज विचारलं, “अरे, हे मी आता सांगू कोणाला?”

तेव्हा जुने एपिसोड काढून बसलो. चार वर्षं मी समजत होतो की आमचा नायक काहीतरी करतो. तो काहीच करत नव्हता, तो ऐकत होता. आई धाकट्या सुनेची तक्रार त्याला सांगायची, धाकटा भाऊ कर्जाचं त्याला सांगायचा, बायको सगळ्यांचं त्याला सांगायची. रोजच्या मालिकेत घटना थोड्या आणि सांगणं फार. नायक म्हणजे त्या घराचा कान. आम्ही चेहरा घालवला असं समजत होतो, गेला होता कान.

हे कळल्यावर मला ‘माझ्या नवऱ्याची बायको’ आठवली. 2016 ते 2021 चाललेल्या त्या मालिकेत नवऱ्याची प्रेयसी शनाया दोनदा बदलली. आधी रसिका सुनील, 2018 मध्ये ईशा केसकर, 2020 मध्ये पुन्हा रसिका सुनील. प्रेक्षक कुरकुरले आणि रुळले. कारण शनाया बोलणारी, भडकणारी, हट्ट करणारी. तिची जागा आवाजाची होती. जागा तयार असली की नवा माणूस चार दिवसांत तिथे बसतो. बायकोचं, म्हणजे राधिकेचं, तसं झालं असतं असं मला वाटत नाही. एक तर मालिकेच्या नावातच ती बसलेली. त्यात ती बोलायची आमच्या नागपूरचं. ती गेली असती तर तिच्याबरोबर ती बोलीही घरातून गेली असती, आणि बोलीला रिप्लेसमेंट मिळत नाही. गंमत म्हणजे राधिका साकारणाऱ्या अनिता दाते नाशिकच्या. आमच्या काकूंना हे सांगितलं तर त्या माझ्यावर विश्वास ठेवणार नाहीत.

उलटं उदाहरणही आहे. ‘रात्रीस खेळ चाले’ 2016 मध्ये सुरू झाली तीच अण्णा नाईकांच्या मृत्यूने. मेलेल्या माणसाचा दरारा लोकांना इतका पुरला, की 2019 चा दुसरा भाग मागच्या काळात गेला आणि माधव अभ्यंकरांचे अण्णा मधोमध येऊन बसले. आमच्या नागपूरच्या महेश एलकुंचवारांचं ‘वाडा चिरेबंदी’ घ्या. पडदा उघडतो तेव्हा तात्याजी गेलेले आहेत. रंगमंचावर ते एकदाही येत नाहीत, तरी सगळं घर त्यांच्याभोवतीच फिरतं. 1985 पासून या नाटकाचे प्रयोग होत आले, मी ते पाठ असल्यासारखं वाचलंय, आणि तरीही हे मला मालिकेत हात पोळल्यावर कळलं. पण तिथे तेरावा आहे. घराला शोक करायला दिवस नेमून दिलेत. माझ्या घराला तेवढंही नव्हतं.

मग आधी चूक केली. गावाहून एक काका आणले, सगळ्यांनी त्यांना सांगायचं असं ठरवलं. काका ऐकायचे, मान डोलवायचे, सल्लाही द्यायचे. गुरुवारी टीआरपी आला आणि काका पुढच्याच आठवड्यात गावी परतले. ऐकण्याचा हक्क चार वर्षांनी येतो, तो मध्येच पाहुणा म्हणून येणाऱ्याला कसा मिळेल? दुसऱ्या खेपेला मी काहीच केलं नाही. आईला मटार सोलायला बसवलं आणि समोर धाकटी सून ठेवली, जिच्याबद्दल चार वर्षं आई दादाकडे तक्रार करत होती. दुसरं कोणी नाही म्हणून आई बोलते, पण निम्म्यावर थांबते, कारण तक्रार तिचीच आहे. बावीस मिनिटांच्या एपिसोडमधली साडेचार मिनिटं त्या मटारांवर गेली. क्रिएटिव्हने विचारलं, “सर, यात हुक कुठाय?” मी म्हटलं, शेवटची शेंग सून सोलते.

दादाच्या चपलांचं मात्र माझं काही नाही. दारात त्या होत्या, कला विभागातल्या मुलाने एकदा विचारलं, काढू का, मी म्हटलं असू दे. पावसाळ्यात एका रात्री टेलिकास्ट बघताना धाकटा भाऊ अंगणात जाताना दिसला. त्याच्या पायात दादाच्या चपला. त्याच्या स्वतःच्या ओल्या झाल्या असतील, जवळ होत्या त्या त्याने घातल्या. आई मागे ओट्याशी उभी, तिची नजर खाली गेली आणि वर आली. हे मी लिहिलं नव्हतं, दिग्दर्शकानेही सांगितलं नव्हतं.

सकाळी सहायकाचा घाबरलेला फोन. “सर, कंटिन्युइटीची चूक झाली. पुढच्या सीनला चपला बदलून घेऊ?”

“नको,” मी म्हटलं. “आता त्याच्याच पायात राहू दे.”