प्लास्टिकचा समुद्र

फेलिनीच्या ‘कॅसानोव्हा’त (१९७६) नायक भर वादळात होडी वल्हवतो, तो समुद्र चक्क काळ्या प्लास्टिकचा आहे. लबाडी उघड दिसते, तरी अंगावर काटा येतो.

हा उद्योग दानिलो दोनाती यांचा. नेपथ्य त्यांचं, कपडेही त्यांचेच. वेशभूषेचं दुसरं ऑस्कर याच चित्रपटासाठी. पहिलं झेफिरेल्लीच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’साठी.

खरी गंमत मात्र पाझोलिनीच्या १९६४ च्या ख्रिस्तपटात आहे. पहिल्या शतकातल्या धर्मपंडितांच्या डोक्यावर भल्या थोरल्या टोप्या, आणि त्या दोनातींनी उचलल्या पंधराव्या शतकातल्या पिएरो देल्ला फ्रान्चेस्काच्या चित्रांवरून! इतिहासाच्या मास्तरांनी छडीच उगारली असती. पडद्यावर मात्र माणसं अस्सल वाटतात.

बेनिन्यीचा ‘पिनोकिओ’ हे दोनातींचं अखेरचं काम. तो झळकला २००२ मध्ये. दोनाती आदल्याच वर्षी गेले होते.