आपल्याच सावलीभोवतीचे तेज

गेल्या मार्गशीर्षातली गोष्ट. माझ्या थोरल्या बंधूंचा मुलगा तेव्हा नववीत होता. शाळेच्या हस्तलिखितासाठी त्याने एक विज्ञानकथा लिहिली होती. सूर्यमालेपलीकडच्या एका काल्पनिक ग्रहावर रोज सूर्योदयानंतर प्रत्येक रहिवाशाच्या सावलीच्या मस्तकाभोवती शुभ्र तेज प्रकटते आणि ऊन चढले की विरून जाते, अशी त्यातील कल्पना. वही माझ्यापुढे ठेवून त्याने विचारले, "काका, असं खरंच कुठे घडू शकेल?"

"घडतं," मी म्हणालो. "त्यासाठी दुसऱ्या ग्रहावर जायला नको. उद्या सकाळी उमेळ्याला चल."

त्या दिवसांत आमच्या घरचे वातावरण प्रसन्न नव्हते. वसईतील भुसार मालाची आमची पेढी वडिलांनी उभी केली. त्यांच्या पश्चात आम्ही दोघा भावांनी ती २२ वर्षे एकत्र चालवली. दिवाळीचे वहीपूजन आटोपले आणि वाटणीचा विषय निघाला. भागाच्या टक्केवारीवर गाडे अडले. पर्युषणात एकमेकांना 'मिच्छामि दुक्कडम्' म्हणालेले आम्ही, तीन महिन्यांच्या आत केवळ रोजमेळापुरते बोलू लागलो होतो. मध्यस्थी करणाऱ्या वडीलधाऱ्यांनी दोघांचेही म्हणणे लेखी मागितले होते. माझे चार पानांचे टिपण तयार होते. त्याचे पहिलेच वाक्य असे होते, की पेढी आज जी काही आहे ती मी बाहेरगावी जाऊन केलेल्या खरेदीमुळे.

दुसऱ्या दिवशी मुलासोबत दादाही आले. उमेळ्याच्या बाजूला एका मोकळ्या गवताळ जागेपाशी आम्ही थांबलो. खाडीकडच्या दमट हवेमुळे रात्री दव भरपूर पडले होते. सूर्य नुकताच वर आला होता. त्याच्याकडे पाठ करून आम्ही उभे राहिलो, तेव्हा तिघांच्या लांबच लांब सावल्या ओल्या गवतावर पसरल्या. माझ्या सावलीच्या डोक्याभोवती गवत स्पष्टपणे उजळले होते. दादांच्या आणि मुलाच्या सावल्या मात्र साध्या होत्या.

"पाहिलंस? माझ्या डोक्याभोवती," मी म्हणालो.

"तुझ्या कुठे?" दादा म्हणाले. "तुझी सावली तर नुसती काळी आहे. तेज माझ्या सावलीला आहे."

मुलगा हसू लागला. "तुम्हा दोघांच्याही नाही. माझ्याच!"

आम्ही जागा बदलून पाहिल्या. दादांच्या जागी मी उभा राहिलो, तर तेज माझ्यासोबत तिकडे आले.

याचे कारण सोपे आहे. गवताच्या पात्यावरचा दवबिंदू लहानशा भिंगासारखे काम करतो. तो सूर्यकिरण पात्यावर एकवटतो आणि तेथून परतणाऱ्या प्रकाशाचा बराचसा भाग आल्या वाटेने, म्हणजे सूर्याच्याच दिशेने, माघारी धाडतो. तो प्रकाश टिपायचा तर डोळा त्याच वाटेवर हवा. आणि ती वाट आपल्या स्वतःच्या मस्तकाच्या सावलीपाशीच असते. शेजारच्या माणसाचे तेज त्याच्या डोळ्यांकडे जाते, आपल्याकडे येत नाही.

याचेच भव्य, रंगीत भावंड सह्याद्रीत दिसते. ट्रेकर मंडळी त्याला 'इंद्रवज्र' म्हणतात. त्यात दवाऐवजी धुक्याचे सूक्ष्म जलकण असतात. कर्नल साईक्स यांनी १८३५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात हरिश्चंद्रगडाच्या कड्यावरून पाहिलेले असे वर्तुळ वर्णिले आहे. कोकणातून धुके वर आलेले, पाठीशी खालच्या उंचीवरचा सूर्य, आणि समोर ५०-६० फूट व्यासाच्या रंगीत वर्तुळात त्यांची स्वतःची, घोड्याची व सोबतच्या माणसांची छाया. त्या आकृती आपल्याच आहेत, यावर नोकरांचा विश्वास बसेना. हातपाय हलवून पाहिल्यावर त्यांची खात्री पटली. विमानाच्या खिडकीतून ढगांवर पडलेल्या विमानाच्या छायेभोवतीही असे वलय कधी कधी दिसते, आणि आपण ज्या आसनावर बसलेलो असतो, नेमका तोच त्याचा मध्यबिंदू असतो.

सोळाव्या शतकातील प्रसिद्ध इटालियन सुवर्णकार बेनव्हेनुतो चेल्लिनी यालाही सकाळच्या दवावर आपल्या सावलीभोवती हे तेज दिसत असे. ती आपल्यावरची दैवी कृपा आहे, असे त्याने आत्मचरित्रात लिहून ठेवले. चेल्लिनी खोटे बोलत नव्हता. त्याला दिसले तेच त्याने लिहिले. शेजारच्यालाही तसेच दिसत असेल, हा विचार मात्र त्याला सुचला नाही.

अनेकान्ताची व्याख्या मला लहानपणापासून पाठ आहे. त्या सकाळी ती गवतावर दिसली. घरी येऊन मी टिपण काढले आणि पहिले वाक्य खोडले. मी खरेदीसाठी बाहेरगावी असताना दादा भर पावसात उधारीच्या वसुलीसाठी फिरत होते, गल्ल्यावर बसत होते, वडिलांचे दुखणे काढत होते. ते मी नाकारले नव्हते. मी ज्या जागी उभा होतो तेथून ते दिसत नव्हते, इतकेच.

वाटणी टळली नाही. मात्र ती निम्मी-निम्मी झाली, आणि तसे मीच आधी म्हणालो. बैठकीत दादांचे टिपण वाचले गेले. पेढी टिकली ती आपण केलेल्या वसुलीमुळे, हेच त्याचे पहिले वाक्य होते आणि ते खोडलेले नव्हते. मला राग आला नाही. ते खरे होते.

येत्या हिवाळ्यात एखाद्या सकाळी वाचकांनीही दवात हे तेज जरूर पाहावे. जाताना घरातील कोणाला तरी, शक्यतो ज्याच्याशी सध्या बोलणे कमी झाले आहे अशाला, सोबत न्यावे. आणि त्याला कोणाभोवती तेज दिसते, ते विचारावे.