रताळ्याचा गुरुवार

रताळं मातीतून काढल्या काढल्या फारसं गोड नसतं. बेळगावच्या पश्चिमेला तांबड्या मातीत आमचं शेत होतं, तिथे दिवाळीच्या आगेमागे रताळी काढायचे. नांगराने वरंबा उलटला की लाल सालीची रताळी बाहेर पडत आणि आम्हा मुलांना ती तिथेच पाटाच्या पाण्यात धुऊन खायची घाई होई. आजी अडवायची नाही. दातांखाली ते कचकच वाजायचं, त्याचा चीक बोटांना लागून काळा पडायचा, गोडी मात्र जेमतेम. घरी आणलेली रताळी आजी मातीसकट पडवीत पसरायची, वर पोतं टाकायची आणि पुढचे आठ-दहा दिवस त्यांना कुणी हात लावायचा नाही. "मुरू देत," एवढंच म्हणायची.

मग एखाद्या रात्री सगळ्यांची जेवणं झाली की ती चुलीतला आर एका बाजूला ओढायची, चार-पाच रताळी त्यात पुरायची आणि वरून राख लोटायची. ती तासन् तास तशीच असत. बाहेर काढल्यावर साल कोळशासारखी, फुटली असेल तिथून काळपट पाक आलेला, आणि आतला गर असा की त्याला गूळ, तूप, मीठ काही म्हणजे काही लागत नसे. पुढे मी पुष्कळ ठिकाणी रताळी खाल्ली. पण रताळ्याची गोडी त्यात घालायची नसते, ती त्यातून काढायची असते, हे तेव्हा जिभेला कळलं ते कायमचं.

घरात ते मुख्यतः उपवासाचं. महाशिवरात्र, आषाढी, कार्तिकी. आई चकत्या करून तुपावर परतायची, झाकणीवर पाणी ठेवून वाफ आणायची, आणि अगदी शेवटी गूळ, ओलं खोबरं, वेलची. गूळ आधी घातला तर चकत्या दडदडीत राहतात, म्हणून तो शेवटी. शिकायला पुण्यात गेले तेव्हा आषाढीच्या आधी करमाळ्याकडची आणि आमच्या बेळगावकडची रताळी मार्केट यार्डात पोत्यांनी उतरत. त्या दोन दिवसांत सगळं शहर ती विकत घेई आणि एकादशी उलटली की विसरून जाई. मला तेव्हाही याचं वाईट वाटायचं. इतक्या चांगल्या कंदाला वर्षातून दोन-तीनच दिवस का?

उपवासाच्या ताटाकडे आज पाहते तेव्हा आणखी एक गोष्ट दिसते. रताळं, बटाटा, शेंगदाणा, हिरवी मिरची, राजगिरा आणि ज्याच्यापासून आपल्याकडे साबुदाणा करतात तो कंद, ही सगळी मूळची अमेरिका खंडातली. तिथल्या आदिवासींनी हजारो वर्षं जोपासलेली. गेल्या चार-पाचशे वर्षांत ती समुद्र ओलांडून आपल्याकडे आली, त्यातली बरीचशी पोर्तुगीजांच्या जहाजांतून. जिथे घरचे गहू-तांदूळ चालत नाहीत, त्या विठ्ठलाच्या एकादशीत या परक्या कंदांना थेट जागा देणाऱ्या आपल्या पणज्या-खापरपणज्यांचं मला फार कौतुक वाटतं.

पुढे अमेरिकेत, नॉर्थ कॅरोलायनात, रालेजवळ राहायला आलो त्या वर्षी नोव्हेंबरात शेजारच्या आजींनी आम्हाला थँक्सगिव्हिंगच्या सणाला जेवायला बोलावलं. त्या कृष्णवर्णीय, सत्तरी ओलांडलेल्या, माहेर राज्याच्या पूर्व भागातल्या शेतकऱ्यांचं. टेबलावर टर्की होती, कॉर्नब्रेड होता, क्रॅनबेरीचा सॉस होता. मी मांस खात नाही हे कळल्यावर त्यांनी एक मोठी काचेची थाळी माझ्यापुढे सरकवली. खाली दाट केशरी गर, वर पिकानचा भाजलेला कुरकुरीत थर. पिकान म्हणजे अक्रोडाच्या जातीचं इथलं फळ. पहिल्याच घासाला मला चुलीतला आर आठवला. गर केशरी होता, जायफळ-दालचिनीचा वास होता, लोणी होतं, अंडं होतं. आमच्या घरी यातलं जायफळ सोडलं तर रताळ्याजवळ काहीच गेलं नसतं. तरी खालची ती गोडी ओळखीची होती. मी विचारलं, रताळी उकडली का? त्या म्हणाल्या, "उकडायची कधीच नाहीत. भाजायची."

हाच पदार्थ इथे याम कॅसरोल किंवा स्वीट पोटॅटो कॅसरोल म्हणून ओळखला जातो. डब्यावर याम लिहिलेलं असलं तरी आत रताळंच असतं. खरा याम आपल्या कोनफळाचा भाऊबंद. पश्चिम आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या माणसांचं ते मुख्य अन्न होतं. इथे तो कंद मिळेना, तेव्हा त्यांनी रताळं हाताशी धरलं आणि झोपडीतल्या चुलीच्या राखेत ते भाजून खाल्लं. मालकांच्या स्वयंपाकघरांत राबणाऱ्याही त्यांच्यातल्याच बायका. अमेरिकेच्या दक्षिणेत रताळ्याचं जे जे चांगलं झालं, पाकातल्या फोडी, पाय, पुडिंग, त्यात त्यांच्या हातांचा वाटा फार मोठा आहे. कॅसरोलची गोष्ट सांगताना हे आधी सांगायला हवं, कारण बहुतेक वेळा ती मार्शमेलोपासून सुरू करतात.

मार्शमेलो पुष्कळ नंतर आले. थँक्सगिव्हिंग हा राष्ट्रीय सण म्हणून पाळण्याचं आवाहन लिंकनने १८६३ मध्ये, यादवी युद्ध चालू असताना केलं. नोव्हेंबरचा चौथा गुरुवार कायद्याने ठरला तो १९४१ मध्ये. या दोन्हींच्या मध्ये, १९१७ साली, एंजेलस नावाचे मार्शमेलो बनवणाऱ्या कंपनीने जॅनेट मॅकेन्झी हिल या बॉस्टनच्या पाककलातज्ज्ञ बाईंकडून पाककृतींची पुस्तिका करून घेतली. कारखान्यात तयार झालेला मऊ गोड पदार्थ घरोघर खपावा हा हेतू. त्या पुस्तिकेत कुस्करलेल्या रताळ्यांवर मार्शमेलोचा थर देऊन भाजायची कृती होती. ती देशभर पसरली, आणि आज अनेक घरांत त्या पांढऱ्या-तपकिरी थराशिवाय सण पुरा होत नाही. ज्यांनी लहानपणापासून ते खाल्लं त्यांना त्यात आजोळ दिसत असेल, त्याला माझी ना नाही. पण इतक्या साखरेखाली रताळं दबतं, असं माझं स्पष्ट मत आहे. शिवाय मार्शमेलोत जिलेटिन असतं, ते प्राण्यांच्या कातडी-हाडांपासून करतात; शाकाहारी माणसांनी हे विचारून घ्यावं.

आम्ही येऊन राहिलो ते राज्यच रताळ्याचं निघालं. १९७१ पासून देशात सगळ्यात जास्त रताळी नॉर्थ कॅरोलायनात होतात. विल्सन परगण्यातल्या चौथीच्या मुलांनी राज्याच्या विधिमंडळाकडे चिकाटीने मागणी केली आणि १९९५ मध्ये रताळ्याला राज्याच्या भाजीचा मान मिळाला. शेजारच्या आजी एकदा मला माहेरच्या भागात घेऊन गेल्या. रेताड, भुसभुशीत जमीन, एका बाजूला तंबाखू, दुसऱ्या बाजूला रताळ्याचे वेल. निपाणीचा तंबाखू आणि बेळगावची रताळी पाहत वाढलेल्या मला ते शिवार नवं वाटलंच नाही. वेलांना उशिराची फुलं होती, कडेला जांभळट आणि मध्ये गडद, आपल्या ओढ्याकाठच्या बेशरमीसारखी. दोन्ही एकाच कुळातली आहेत.

तिथेच मला आजीच्या पडवीतल्या पोत्याचा अर्थ लागला. इथले शेतकरी काढलेली रताळी लगेच बाजारात नेत नाहीत. चार ते सात दिवस ती बंद खोलीत ठेवतात, साधारण ३० अंश सेल्सिअस उष्णता आणि ८५ ते ९० टक्के दमटपणा राखून. काढताना लागलेल्या खरचट्यांवर तेवढ्यात नवी साल धरते. मग १३ ते १५ अंशांवर ती महिनोन् महिने टिकतात आणि त्या मुक्कामात आतलं पिष्ट हळूहळू साखरेकडे वळू लागतं. त्याहून थंडीत मात्र ठेवायची नाहीत. फ्रिजमध्ये ठेवलेल्या रताळ्याच्या पोटात गाठ धरते, ती कितीही शिजवा, मऊ होत नाही.

उरलेलं काम आच करते. रताळ्यात एक पाचक द्रव्य असतं, ते साधारण ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान जोमाने काम करतं आणि पिष्टाची माल्टोज ही साखर बनवतं. त्याहून तापलं की ते निकामी होतं. म्हणजे रताळं त्या पट्ट्यात जितका वेळ रेंगाळेल तितकं गोड. मायक्रोवेव्हमध्ये ते काही मिनिटांत तो पट्टा ओलांडून जातं, म्हणून फिकं लागतं. राखेत पुरलेलं रताळं त्यातून अगदी सावकाश जातं. माझ्या आजीला आणि इथल्या शेजारच्या आजींच्या आजीला हे सगळं ठाऊक होतं. दोघींकडे थर्मामीटर नव्हता, निखारे कधी ओढायचे आणि राख किती घालायची याची जाण होती. ते ज्ञानच होतं, त्याला दुसरा कुठला हलका शब्द लावायला मी तयार नाही.

शेजारच्या आजींच्या दिवाणखान्यात जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हरचं चित्र आहे. मी ते पाहून लगेच नाव घेतलं तेव्हा त्यांना नवल वाटलं. त्यांना सांगितलं, १९८१ साली वीणा गवाणकरांनी 'एक होता कार्व्हर' लिहिलं आणि तेव्हापासून महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत हा माणूस आपला झाला. माझ्याकडची प्रत आईने दिलेली. गुलामीत जन्मलेला हा शास्त्रज्ञ १८९६ मध्ये अलाबामातल्या टस्कीगीला गेला. सततच्या कपाशीने निकस झालेल्या जमिनीत भुईमूग, चवळी आणि रताळी लावा, असं तो गरीब कृष्णवर्णीय शेतकऱ्यांना सांगत राहिला, आणि नुसतं लावायला सांगून थांबला नाही. त्या रताळ्यांचं पीठ, स्टार्च, पाक काय काय होतं ते करून दाखवलं, घरच्या बायकांसाठी पाककृती लिहून छापल्या. बेळगावात ते पुस्तक वाचताना रताळ्याची पानं मी भराभर उलटली होती. आता तीच थांबून वाचते.

गेली बरीच वर्षं थँक्सगिव्हिंगला आमच्या गल्लीच्या जेवणात कॅसरोल माझ्याकडे असतं. कृती सरळ आहे. दीड किलो कॉव्हिंग्टन रताळी, ही इथल्या राज्य विद्यापीठाने २००५ मध्ये काढलेली जात, दोरे नसलेली. सालीसकट, न टोचता, थंड ओव्हनमध्ये ठेवायची आणि मग ओव्हन लावायचा, म्हणजे ती सावकाश तापतात. १७५ अंशांवर दीड तास, कधी जास्तही. सालीतून पाक गळून ताटलीवर करपू लागला की झाली. गर काढून हातानेच कुस्करायचा, यंत्राने तो चिकट होतो. त्यात लोणी, दोन अंडी, थोडं दूध, जायफळ, संत्र्याची किसलेली साल आणि नीट चव लागेल इतकं मीठ. साखर नाही. वरच्या थरात पिकान, लोणी, चमचाभर पीठ आणि इंडियन स्टोअरमध्ये मिळणारा गूळ किसून. पुन्हा अर्धा तास ओव्हनमध्ये. मुलांच्या मित्रमंडळींसाठी थाळीचा एक तृतीयांश भाग मार्शमेलोचा, बिनजिलेटिनचे मिळतात ते. सणाला जेवायला आलेल्या मुलाला त्याच्या आईच्या हातची आठवण येऊ नये, हे काही मला पटत नाही.

त्या आठवड्यात मी रताळ्यांची पूर्ण पेटी आणते आणि निम्मी गॅरेजमध्ये खोक्यात ठेवून देते. महाशिवरात्र येते फेब्रुवारीत किंवा मार्चच्या सुरुवातीला, तोवर ती तीन महिने मुरलेली असतात. मग त्याच काचेच्या थाळीत, अंडी-पीठ-दालचिनी काहीही न घालता, भाजलेल्या गराचा थर, त्यावर तूप, ओलं खोबरं, वेलची, आणि वीस मिनिटं आच. आईच्या चकत्यांत गूळ असायचा, मी तोही घालत नाही. यंदा एक वाटी शेजारच्या आजींकडे घेऊन गेले. साखर किती घातली, त्यांनी विचारलं. काहीच नाही म्हटल्यावर त्यांनी आणखी दोन घास घेतले, खोबरं बारकाईने चाखलं आणि म्हणाल्या, पुढच्या वेळी मीठ थोडं जास्त घाल, आणि चर्चच्या जेवणासाठी मला दोन थाळ्या हव्यात.