अमरावतीची सासू, कामठीची गल्ली

अभिनेत्री दया डोंगरे यांचं नाव नागपूरजवळच्या आमच्या कामठीत फार कमी जणांच्या तोंडी होतं. ‘अवं, थे सासू’ एवढं म्हटलं की पुरायचं. इथल्या टॉकिजांवर हिंदीचं राज्य. त्यामुळे 1987 चा ‘खट्याळ सासू नाठाळ सून’ हा त्यांचा चित्रपट आम्हाला भेटला तो गणपतीत, चौकात टेबलावर मांडलेल्या टीव्हीवर, भाड्याच्या व्हीसीआरमधून. तिकडं कोराडीच्या वीजकेंद्राच्या चिमण्या धूर सोडत असायच्या आणि इकडं आमची लाइन जायची. ती परत आली की कॅसेट थोडी मागं घ्यायची, कारण अंधारात सासूचं एखादं वाक्य हुकलं तर बायका ऐकून घेत नसत. बिड्या वळणाऱ्या बाया मांडीवरचं सूप बाजूला ठेवून बसायच्या. विणकरांच्या मोहल्ल्यातल्या बायकाही मागं उभ्या असायच्या. त्यांना मराठी अर्धी कळायची, सासू पुरी कळायची.

त्या सासूत एवढं काय होतं, हे मला फार उशिरा उमगलं. दयाबाई विनोद करायला म्हणून कॅमेऱ्यापुढे येतच नसत. डोळे मोठे करायचे, मान जराशी ताठ, आवाज खणखणीत, आणि आपलं काही चुकू शकतं याची शंकासुद्धा चेहऱ्यावर नाही. 1984 च्या ‘नवरी मिळे नवऱ्याला’मध्ये समोर निळू फुले, अशोक सराफ, सचिन अशी माणसं, त्यांच्या गडबडीत ही बाई आपला तोरा तसूभर सोडत नाही. त्या जितक्या गंभीर, तितके आम्ही हसायचो. खरं म्हणजे लगेच हसायचोही नाही. आधी अर्धा-पाऊण तास त्यांचा राग यायचा, तोंडी शिव्याही यायच्या. मग कुठं तरी त्या तोऱ्याला टाचणी लागायची आणि साठवलेला राग हसू होऊन बाहेर पडायचा. किराणावाल्याच्या वहीत चढतं तसं ते हसू उधारीवर चढत जायचं आणि शेवटी व्याजासकट फिटायचं.

दयाबाईंची ही तयारी घरातूनच आलेली. आई यमुताई मोडक, नात्यात शांता मोडक. म्हणजे गाणं आणि नाटक दोन्ही दारातच. मुंबई दूरदर्शनच्या ‘गजरा’त त्या असायच्या. ‘स्वामी’ मालिकेतल्या त्यांच्या गोपिकाबाई पाहिल्या तर विनोदी सासूचं मूळ कळतं: तोच करारीपणा, तीच नजर, फक्त तिथं हसायची सोय नाही. मला विचाराल तर त्यांची सगळ्यात मोठी कमाई ती गोपिकाबाईच. पण लोकांनी लक्षात ठेवली सासू, आणि चित्रपटवाल्यांनीही त्यांना पुन्हा पुन्हा त्याच माडीवर चढवलं. त्या काळात विनोदी नटीला जागाच किती होत्या? कजाग सासू, भोळी मोलकरीण किंवा नायिकेची चोंबडी मैत्रीण. हिरोचा मित्र मात्र काहीही होऊ शकत होता.

दयाबाईंचा जन्म अमरावतीचा, 1940 चा. हे मला कळलं तेव्हा आनंद झाला आणि थोडं खटकलंही. आपल्याच मुलखातली बाई, आणि तिच्या तोंडून आपली बोली आम्ही कधी ऐकली नाही. पडद्यावरची बडी सासू बोलायची ती पुण्या-मुंबईची मराठी. वऱ्हाडी-नागपुरी बोलणारं माणूस एक तर गडी असायचं, नाही तर दोन मिनिटांत निघून जाणारा पाहुणा. वाड्यात राहणारी, दागिने घालणारी, हुकूम सोडणारी बाई ‘काऊन वं पोट्टे?’ असं विचारू शकते, हे कुणाच्या ध्यानात आलं नसावं. आमच्या गल्लीत अशा चार-पाच तरी होत्या.

आमच्या मातीत बाईचा विनोद नवा नव्हता. खडी गंमत या आमच्याकडच्या लोकनाट्यात लुगडं नेसून नाचणारा पुरुष असायचा आणि त्याच्या तोंडची उत्तरं भल्याभल्यांना गप्प करायची. पण ती बाई पुरुष होती. खरी बाई रंगमंचावर हसवताना पाहायची तर मुंबई-पुण्याचं नाटक नागपूरला येण्याची वाट पाहायची, धनवटे रंगमंदिर गाठायचं आणि शेवटच्या गाडीचा हिशेब डोक्यात ठेवून बसायचं. शेवटचा अंक सुरू झाला की कामठीवाल्यांची चुळबुळ सुरू. आता मेट्रो ऑटोमोटिव्ह चौकापर्यंत येते, रेशीमबागेत सुरेश भट सभागृह उभं राहिलं, आणि आमच्यातले निम्मे लोक घरच्या सोफ्यावरून उठत नाहीत. त्यांना नावं ठेवत नाही, मीही त्यांतलीच.

सोफ्यावर बसून जे दिसतं, ते वाईटही नाही. निर्मिती सावंतांची ‘कुमारी गंगूबाई नॉनमॅट्रिक’ मालिका आली आणि बावळट दिसणारी बाईच कथेच्या मधोमध बसली. ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’ या कार्यक्रमात नम्रता संभेराव, वनिता खरात, शिवाली परब यांना सासू व्हायचंच असं बंधन नाही. त्या दारुड्या होतात, लहान पोर होतात, स्वतःच्या अंगकाठीवर स्वतःच बोलतात. विशाखा सुभेदारांनी तर वयाचा आणि वजनाचा बाऊ कधी केलाच नाही. दयाबाईंच्या पिढीला हे मोकळेपण मिळालं असतं तर काय झालं असतं, असं वाटून जातं.

पण दहा मिनिटांच्या स्किटमध्ये उधारी चालत नाही. दर दोन वाक्यांना रोख हशा हवा, समोर परीक्षक बसलेले, त्यांचे हसरे चेहरे लगेच दाखवायचे. प्रेक्षकाला आधी चीड आणू द्यायची आणि मग हसवायचं, एवढा धीर धरायला वेळ कुणाकडे आहे? आणि मधल्या काळात ‘चला हवा येऊ द्या’ या कार्यक्रमात भाऊ कदम, सागर कारंडे साडी नेसून आले तेव्हा आमच्याकडच्या म्हाताऱ्या म्हणाल्या, हे तं आपल्या खडी गंमतीतलंच झालं! त्यांचं काही चुकलं नव्हतं.

बोलीचा हिशेब तेवढा फिटत आला आहे. दर्यापूरच्या भारत गणेशपुरे यांनी त्याच ‘चला हवा येऊ द्या’मधून वऱ्हाडी घरोघर पोचवली. त्यातही एक गोम आहे. नुसतं ‘काय करून राह्यला बे’ म्हटलं की पुण्यात हशा पिकतो. आम्ही तर ते वाक्य भाजीवाल्याला रोज म्हणतो आणि कुणी हसत नाही.

2025 च्या नोव्हेंबरात दयाबाई गेल्या, 85 व्या वर्षी. त्या दिवशी सगळ्यांच्या मोबाइलवर त्यांचे जुने तुकडे फिरत होते, अर्ध्या-अर्ध्या मिनिटाचे. एवढ्याशा वेळात त्यांचा राग येत नाही, म्हणून हसूही अर्धवटच येतं.

आमच्या शेजारची एक सून हल्ली रील करते. डोक्यावर पदर, कपाळावर भलं मोठं कुंकू, आणि अस्सल नागपुरी बोलणारी ठसकेबाज सासू. मोबाइल धरायला तिची खरी सासू उभी असते. परवा सून डोळे मोठे करून एक वाक्य बोलली, तर मोबाइलमागून आवाज आला, ‘असं नाही वं, मी याच्याऊन जोरात बोलतो. पुन्हा कर.’