शिक्षेच्या मुद्द्यावर

सत्र न्यायालयात खुनाचा खटला बहुधा काही वर्षे चालतो. त्या काळात पंच, डॉक्टर, तपास अधिकारी आणि प्रत्यक्षदर्शी यांच्या साक्षी व उलटतपास होतात, मुद्देमालातील एकेका वस्तूवर क्रमांक पडतो, रासायनिक पृथक्करणाचे अहवाल दाखल होतात, आणि या साऱ्या खटाटोपातून एकाच प्रश्नाचे उत्तर शोधले जाते: हे कृत्य आरोपीने केले काय? उत्तर होकारार्थी आले की न्यायाधीश निकालाचे वाचन थांबवतात आणि समोर उभ्या असलेल्या माणसाला शिक्षेबाबत काही सांगायचे आहे काय, असे विचारतात. तेथून खटल्याचा दुसरा भाग सुरू होतो. कायद्याच्या दृष्टीने तो पहिल्याइतकाच खरा असला, तरी व्यवहारात तो पुष्कळदा काही मिनिटांत आटोपतो. घरी म्हातारे आईवडील आहेत, मुले लहान आहेत, हा पहिलाच गुन्हा आहे, तेव्हा दया दाखवावी, एवढे आरोपीच्या वतीने नोंदले जाते; गुन्ह्याचे गांभीर्य पाहता जास्तीत जास्त शिक्षा व्हावी, एवढे सरकारी वकिलांच्या वतीने; आणि निकालपत्रात सव्वाशे पानांनंतर दीड-दोन पाने शिक्षेची येतात.

हा दुसरा भाग भारतीय कायद्यात फार जुना नाही. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत शिक्षेवर स्वतंत्र सुनावणीची तरतूद नव्हती. उलट, मृत्युदंडास पात्र गुन्ह्यात मृत्युदंड दिला नाही तर तो का दिला नाही, याची कारणे न्यायाधीशांना लिहावी लागत. १९५५ च्या दुरुस्तीने ही सक्ती गेली, आणि १९७३ च्या संहितेने तराजू दुसऱ्या बाजूला झुकवला: कलम ३५४(३) नुसार मृत्युदंड द्यायचा असेल तर ‘विशेष कारणे’ नोंदवणे आवश्यक झाले आणि कलम २३५(२) नुसार दोषसिद्धीनंतर, म्हणजे गुन्हा शाबीत झाल्याचा निष्कर्ष जाहीर झाल्यानंतर, आरोपीला शिक्षेच्या प्रश्नावर ऐकून घेणे बंधनकारक झाले. विधी आयोगाने आपल्या ४८ व्या अहवालात तशी शिफारस केली होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत क्रमांक बदलले, पण या दोन्ही तरतुदी कायम राहिल्या.

‘ऐकून घेणे’ म्हणजे नेमके काय, हा प्रश्न लवकरच सर्वोच्च न्यायालयापुढे आला. १९७६ मध्ये संतासिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात न्यायालयाने सांगितले, की ही सुनावणी केवळ तोंडी विनवणीपुरती नाही. आरोपीचे वय, शिक्षण, घरची परिस्थिती, मानसिक अवस्था, पूर्वायुष्य, पुन्हा समाजात रुजण्याची शक्यता यांविषयी दोन्ही बाजूंना पुरावा आणता आला पाहिजे. त्या प्रकरणात अशी संधीच मिळाली नव्हती, म्हणून शिक्षा रद्द करून प्रकरण खालच्या न्यायालयाकडे परत पाठवले गेले. पुढच्याच वर्षी परभणी जिल्ह्यातील मानवतच्या खून खटल्याचे अपील निकाली काढताना न्या. यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या पीठाने या नियमाला व्यवहाराची मुरड घातली: अशी चूक झालेले प्रत्येक प्रकरण परत पाठवण्याची गरज नाही, वरचे न्यायालयही ती सुनावणी घेऊ शकते. वर्षानुवर्षे रेंगाळलेल्या खटल्यांत हे शहाणपणाचेच होते. पण त्याचा एक परिणाम नजरेआड करता येत नाही. मूळ न्यायालयातील उणीव वर भरून निघते, असा भरवसा निर्माण झाला की मूळ न्यायालयातील तो अर्धा तास अर्धा तासच राहतो.

१९८० च्या बच्चनसिंग प्रकरणात मृत्युदंडाची घटनात्मकता मान्य झाली आणि ‘विरळातील विरळ’ ही कसोटी आली, हे सर्वांना ठाऊक असते. त्याच निकालातील एक वाक्य मात्र फारसे उद्धृत होत नाही. आरोपी समाजाला सतत धोकादायक राहणार नाही आणि तो सुधारू शकेल, या दोन शक्यता सौम्यतेच्या बाजूने धरायच्या, आणि त्या नाहीत हे राज्याने पुराव्याने सिद्ध करायचे, असे तेथे म्हटले आहे. म्हणजे सुधारणेची शक्यता हा न्यायाधीशांच्या स्वभावाचा किंवा अंतःप्रेरणेचा विषय नाही, तर तो वस्तुस्थितीचा प्रश्न आहे, जखमेच्या खोलीसारखा किंवा वेळेच्या नोंदीसारखा, आणि त्याच्या सिद्धीचा भार अभियोग पक्षावर आहे. असे असताना हा माणूस सुधारण्यापलीकडचा आहे, हे दाखवण्यासाठी एकही साक्षीदार न तपासता मृत्युदंडाची मागणी व्हावी, आणि गुन्ह्याची क्रूरता हाच त्याच्या भविष्याचा पुरावा मानला जावा, ही या शास्त्रातील जुनी आणि चिवट चूक आहे. गुन्हा किती भीषण होता, हे गुन्ह्याविषयीचे विधान आहे. ते करणारा माणूस पंधरा वर्षांनी कसा असेल, याविषयी त्यातून जे कळते ते फार थोडे असते.

बचाव पक्षाची अडचण वेगळ्या जातीची असते, आणि ती बाहेरून सहसा दिसत नाही. आरोपी घटनास्थळी नव्हताच, अशी भूमिका घेऊन वकिलाने संपूर्ण खटला लढवलेला असतो. त्याच्या बालपणातील मारहाण, व्यसन, सुटलेली शाळा, ऊसतोडीच्या हंगामाबरोबर हलणारे घर, या गोष्टी आधी मांडल्या तर ‘केले, पण का केले ते ऐका’ असा त्यांचा अर्थ लागतो आणि मूळ बचावालाच तडा जातो. म्हणून ती माहिती गोळा करणेही टाळले जाते. आणि दोषसिद्धीचा शब्द उच्चारला गेल्यावर, विधी सेवा प्राधिकरणाने नेमलेल्या त्याच वकिलाने, त्याच दुपारी, आतापर्यंत नाकारलेल्या कृत्याच्या कर्त्याचे आयुष्य उभे करावे, अशी अपेक्षा केली जाते. निकाल आणि शिक्षा यांच्यामध्ये काही दिवसांचे अंतर ठेवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ च्या अल्लाउद्दीन मियाँ प्रकरणात सुचवले, त्यामागे हेच व्यावहारिक शहाणपण होते. मात्र नुसती तारीख पुढे ढकलल्याने साहित्य तयार होत नाही. तुरुंग अधीक्षकांकडून वर्तणुकीचा आणि कामाचा अहवाल, परिविक्षा अधिकाऱ्याची घरभेट, मानसोपचारतज्ज्ञाची तपासणी, शाळेचा दाखला, तुरुंगात मुलाखतीला कोण येते आणि कोण यायचे थांबले याची नोंद, हे सारे कोणी तरी लेखी आदेशाने मागवावे लागते. २०२२ च्या मनोज विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात ही जबाबदारी मृत्युदंडाच्या शक्यतेच्या प्रकरणांत स्पष्टपणे राज्यावर आणि खटला चालवणाऱ्या न्यायालयावर टाकण्यात आली, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये शिक्षेवरील सुनावणीची एकसारखी चौकट ठरवण्याचा प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाकडे सोपवण्यात आला.

मृत्युदंडाची चर्चा मोठी असली तरी न्यायालयांचे रोजचे काम वेगळे आहे. स्वेच्छेने जबर दुखापत केल्यास सात वर्षांपर्यंत कारावास, असे कायदा म्हणतो. एक दिवस आणि सात वर्षे यांमधील सारी जागा न्यायाधीशांच्या हाती राहते. इंग्लंड व वेल्समध्ये २०१० पासून शिक्षा परिषद अशा प्रत्येक गुन्ह्यासाठी आरंभबिंदू आणि पल्ला ठरवून देते. भारतात २००३ मध्ये मलिमथ समितीने तशा मार्गदर्शनाची गरज मांडली, पण ते अजून झालेले नाही. त्याऐवजी कायदेमंडळाने बहुतेक वेळा दुसरा मार्ग धरला, तो म्हणजे किमान शिक्षा वाढवत नेण्याचा. बालकांवरील लैंगिक अत्याचारांच्या २०१२ च्या कायद्यात, म्हणजे ‘पोक्सो’मध्ये, कलम ६ खालील किमान शिक्षा दहा वर्षांची होती, ती २०१९ मध्ये वीस वर्षांची झाली. किमान मर्यादा इतकी वर गेली की शिक्षेवरील सुनावणीत ऐकण्यासारखे थोडेच उरते, आणि तारतम्य त्या टप्प्यावरून सरकून आरोपपत्रात कोणते कलम लावले जाते तेथे, म्हणजे पोलीस ठाण्यात, जाऊन बसते. संतापाच्या भरात केलेल्या दुरुस्त्यांचा हा परिणाम क्वचितच हिशेबात धरला जातो.

याच्या दुसऱ्या टोकाला १९५८ चा अपराधी परिविक्षा अधिनियम आहे. परिविक्षा म्हणजे तुरुंगाऐवजी चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर, गरज पडल्यास अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली, अपराध्याला मोकळे ठेवणे; मुंबई प्रांतात तर यासाठी १९३८ मध्येच कायदा झाला होता. अपराधी २१ वर्षांखालील असेल आणि गुन्हा जन्मठेपेचा नसेल, तर परिविक्षा अधिकाऱ्याचा अहवाल मागवून तो विचारात घेतल्याशिवाय आणि कारणे नोंदवल्याशिवाय कारावास देता येत नाही, इतके कलम ६ स्पष्ट आहे. तरीही हा कायदा वापरायचा की नाही याचा विचार निकालपत्रात ‘गुन्ह्याचे स्वरूप पाहता लाभ देणे उचित नाही’ या एका ठोकळ वाक्यात संपतो. भारतीय न्याय संहितेने किरकोळ गुन्ह्यांसाठी आणलेली सामाजिक सेवेची शिक्षा, उदाहरणार्थ पाच हजार रुपयांपेक्षा कमी किमतीची पहिलीच चोरी आणि माल परत केलेला असणे, हीदेखील कोणते काम, कोठे, कोणाच्या देखरेखीखाली हे ठरल्याशिवाय कागदावरच राहील.

आदेशाच्या शेवटच्या ओळींचेही एक तंत्र आहे. एकाहून अधिक गुन्ह्यांच्या शिक्षा एकाच वेळी भोगायच्या, असे लिहायचे राहून गेले तर त्या एकामागून एक भोगाव्या लागतात. दंड न भरल्यास होणारी जादा कैद गरीब आरोपीच्या बाबतीत खरीखुरी कैद असते. आणि कच्चा कैदी म्हणून काढलेले दिवस वजा करण्याचे आकडे चुकले तर ती चूक तुरुंग कार्यालयातून परत न्यायालयापर्यंत पोचायला महिने लागतात. पीडिताला भरपाई द्यावी की नाही याचा विचार करून कारणे नोंदवणे बंधनकारक आहे, हे २०१३ मध्ये अंकुश शिवाजी गायकवाड प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले, यावरून या ओळी किती यांत्रिकपणे लिहिल्या जातात याची कल्पना येते. जन्मठेप म्हणजे चौदा वर्षे, हा समज तर न्यायालयाच्या आवारातही आढळतो. गोपाळ गोडसे यांच्या अर्जावर १९६१ मध्येच ठरले, की ती शिक्षा उर्वरित आयुष्यभराची असते. चौदा वर्षे हा आकडा १९७८ च्या दुरुस्तीतून आला, आणि तो विशिष्ट गंभीर गुन्ह्यांत सुटकेपूर्वी प्रत्यक्ष भोगावयाच्या किमान कारावासाचा आहे, सुटकेच्या हक्काचा नाही.

सुधारणेवर विश्वास ठेवणारी परंपरा महाराष्ट्राला परकी नाही. औंध संस्थानाने १९३९ मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे भिंतींशिवायची वसाहत उभारली, जेथे गंभीर गुन्ह्यांतील कैदी शेती करत राहू लागले, व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ला तिचीच प्रेरणा होती, आणि ती वसाहत आजही कारागृह विभागाकडे आहे. खुल्या कारागृहात कोणाला पाठवायचे, हे मात्र न्यायालय ठरवत नाही. ते बंद तुरुंगातील वर्षांनंतर, तेथील वर्तणुकीवरून ठरते.

न्यायालयाचा आवाज त्यानंतर पुन्हा एकदाच ऐकला जातो. कैद्याने शिक्षामाफीसाठी, म्हणजे उरलेल्या कारावासात सूट मिळण्यासाठी, अर्ज केला की शासन त्याला दोषी ठरवणाऱ्या न्यायालयाच्या पीठासीन न्यायाधीशांचे सकारण मत मागवू शकते, आणि ते मत केवळ गुन्हा गंभीर होता एवढे सांगणारे असू नये, पुन्हा गुन्हा करण्याची शक्यता, तुरुंगात ठेवण्यातून आणखी काही साध्य होणार आहे काय, कुटुंबाची स्थिती, यांचा त्यात विचार हवा, असे २०२२ च्या रामचंदर विरुद्ध छत्तीसगड राज्य या निकालाने बजावले. तोपर्यंत मूळ न्यायाधीश बहुधा निवृत्त झालेले असतात. नवे न्यायाधीश अभिलेख कक्षातून जुने निकालपत्र मागवतात, आणि त्यात चाकूची लांबी, पंचनाम्याची वेळ आणि रक्तगट मिळतो, माणसाविषयी मात्र म्हातारे आईवडील आणि लहान मुले यांच्यापलीकडे काही मिळत नाही, आणि ती मुलेही एव्हाना लहान राहिलेली नसतात.