हौस, लीग आणि बदलीचा कागद

अमॅच्युअर या शब्दाला मराठीत 'हौशी' म्हणतात. राज्य नाट्यस्पर्धेत हौशी नाटकं असतात, कबड्डीच्या संघटनांच्या नावात हौशी असतं. तिथे त्या शब्दाला मान आहे. एरवी मात्र कुणाला हौशी म्हटलं की ऐकणारा थोडं हसतोच. करतो बिचारा मनापासून, पण त्यात काही राम नाही, असा त्याचा अर्थ. गेले दोन महिने आमच्या घरी हा शब्द दिवसातून दहा वेळा कानावर पडतोय, कारण आमच्या धाकट्याला जळगावात फुटबॉलची हौशी लीग सुरू करायची आहे.

(क्रिकेटची नाही. मी दोनदा विचारून खात्री करून घेतली.)

धाकटा बारावीला आहे. तो आणि त्याचे मित्र तासाच्या भाड्याने मिळणाऱ्या टर्फवर रात्री खेळतात. प्लॅस्टिकचं गवत, चारी बाजूंनी जाळी, एका बाजूला पाच-सहा जण. वर्गणी काढून तास घ्यायचा, तास संपला की पुढची टोळी दारात उभीच. त्याला ते पुरत नाही. त्याला मोठं मैदान हवं, अकरा जण हवेत आणि मुख्य म्हणजे दर रविवारी सामना हवा. आमची कॉलनी, पलीकडच्या तीन कॉलन्या, मेहरूण, पिंप्राळा, शनिपेठ, जुने जळगाव असे आठ संघ त्याने वहीत मांडूनही ठेवलेत.

शाळांच्या स्पर्धा असतात की, असं मी म्हणून पाहिलं. सुब्रोतो चषक १९६० पासून चालू आहे आणि त्याची जिल्हा पातळीवरची फेरी आपल्याकडेही होते. त्यावर त्याने मला वहीच्या मागच्या पानावर हिशेब करून दाखवला. आठ संघ बाद पद्धतीने खेळले तर एकूण सात सामने होतात आणि चार संघ पहिल्याच सामन्यानंतर घरी जातात, ते वर्षभरासाठी. तेच आठ संघ साखळीत खेळले तर अठ्ठावीस सामने. सगळ्यात कच्च्या संघालाही सात मिळतात. म्हणजे आज सहा गोल खाल्ले तरी पुढच्या रविवारी परत यायचंच आहे. मला फुटबॉलमधलं फार कळत नाही, पण हे पटलं.

नानांनी हे सगळं ऐकलं आणि म्हणाले, "आमच्या भुसावळला होतं हे सगळं."

नाना म्हणजे माझे वडील. रेल्वेत फिटर होते, आता ८४ वर्षांचे आहेत आणि आमच्याकडेच असतात. भुसावळ हे गाव रेल्वेनेच मोठं केलं. १८६०च्या दशकात जीआयपीची लाइन आली, शेड आलं, क्वार्टर्स आल्या आणि साहेबाबरोबर त्याचा चेंडूही आला. नाना राइट हाफ खेळायचे. लोको विरुद्ध कॅरेज, ट्रॅफिक विरुद्ध स्टोअर असे सामने व्हायचे. त्यांच्या सांगण्यात सगळ्यात जास्त वेळ मैदानच खातं. काळी माती. उन्हाळ्यात पाऊल अडकेल एवढ्या भेगा, पावसाळ्यात बुटाला किलोभर चिखल. खेळायचे खरे दिवस दिवाळी ते होळी. आम्ही बहिणी लहानपणी मेंदीच्या कुंपणाआडून बघायचो. मुलींनी मैदानाच्या कडेला उभं राहायची तेव्हा पद्धत नव्हती.

पण गंमत बघा. नानांना सामने आठवतात, माणसं आठवत नाहीत. "लोकोचा गोलकीपर. उंच होता. एका हाताने चेंडू धरायचा." नाव काय होतं नाना? "त्याची इटारसीला बदली झाली." "कॅरेजचा एक सेंटर फॉरवर्ड होता, डाव्या पायाचा. सोलापूरला गेला तो." प्रत्येक गोष्ट बदलीवर संपते. नवा माणूस आला की नवा संघ. मग निवृत्त झालेला कुणी नाशिकला मुलाकडे गेला, कुणी गावी गेला. आज नानांबरोबर बसून "तो गोल ऑफसाइड होता" म्हणून भांडायला भुसावळात कुणी उरलेलं नाही. कुठे स्कोअर लिहिलेला नाही, फोटो नाही. नानांनंतर ते सामने झालेच नाहीत असं होणार, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा जाणवलं.

धुळ्याला मी नऊ वर्षं बँकेत होते. सकाळी फिरायला जायचे तेव्हा राज्य राखीव पोलीस दलाचे जवान फुटबॉल खेळताना दिसायचे. छान खेळायचे. मग गणपती आले, ईद आली, निवडणूक आली की कंपनी बंदोबस्ताला बाहेर, आणि मैदानावर नुसते गोलचे खांब. पुन्हा खेळ सुरू झाला की चेहरे निराळे. तेही भुसावळसारखंच. संघ नोकरीचा होता, गावाचा नव्हता. त्याच धुळ्याच्या जुन्या भागात सरळ आखलेल्या, नंबर दिलेल्या गल्ल्या आहेत. गल्ली नंबर चार, गल्ली नंबर पाच. धुळेकर जगात कुठेही गेला तरी आपल्या गल्लीचा नंबर विसरत नाही. चार नंबर विरुद्ध पाच नंबर असा सामना लागला असता तर अख्खं धुळं लोटलं असतं, असं मला नेहमी वाटायचं.

आणि हे उगाच वाटत नाही, मी ते कोल्हापुरात बघितलंय. आमची ताई तिथे दिली आहे. एकदा दाजी म्हणाले, चला, मॅच दाखवतो. मला वाटलं असतील शे-दोनशे लोक. शाहू स्टेडियमजवळ पोचलो तर रस्त्यावर पोलीस, झेंडे लावलेल्या मोटारसायकली, आणि पायऱ्यांवर हजारो माणसं. कसला सामना? तर पेठेतल्या तालमींचा! मंगळवार पेठेतली पाटाकडील तालीम आणि शिवाजी पेठेतलं शिवाजी तरुण मंडळ. देशात कुठे मोहन बागान, कुठे ईस्ट बंगाल असेल. कोल्हापुरात त्या जागी दिलबहार, खंडोबा, बालगोपाल, प्रॅक्टिस क्लब अशी नावं आहेत.

दाजींनी मला तिथे बसल्या बसल्या इतिहास सांगितला. शाहू महाराजांनी कुस्तीला आश्रय दिला, १९१२ मध्ये खासबाग मैदान झालं. पेठापेठांत तालमी होत्याच. फुटबॉल आला तो या तालमींच्या ओसरीवर येऊन बसला, वेगळं घर त्याने मागितलं नाही. कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन १९४० मध्ये, संस्थानच्या काळात झाली. केएसए म्हटलं की तिथे पोरालाही कळतं. वरच्या गटात सोळा संघ, दिवाळीनंतर लीग, मग पावसाळ्यापर्यंत पुढाऱ्यांच्या आणि कुणाकुणाच्या नावाचे चषक. याच गावचा अनिकेत जाधव २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला.

मला त्या दिवशी खेळापेक्षा मागच्या पायरीवरचे दोन आजोबा जास्त लक्षात राहिले. दोघं वेगवेगळ्या पेठांचे. कुठल्यातरी जुन्या फायनलमधल्या पेनल्टीवरून त्यांचं चाललं होतं. तीस-पस्तीस वर्षांपूर्वीची गोष्ट, पण पेनल्टी कुणी मारली, त्याचं घर कुठल्या बोळात, त्याचा नातू आता कुठल्या संघात, सगळं दोघांनाही पाठ. मला एकदम नाना आठवले. नानांच्या नशिबी हे भांडण नव्हतं.

कोल्हापूर म्हणजे सगळं गोड आहे असं नाही हं. तिथे हुल्लडबाजी होते, दगडफेक झालेली आहे, पोलिसांनी लाठ्या उगारलेल्या आहेत. संघांनी बाहेरून, अगदी आफ्रिकेतूनही खेळाडू आणले, त्यांना पैसे मोजले. मग ते हौशी कसं, हा प्रश्न उरतोच. दाजींना विचारलं तर म्हणाले, "पैसा खेळाडूला जातो ओ, पेठेला कुठं मिळतोय?" यातून काय ते समजून घ्या :-)

डब्लिनला माझी मावसबहीण असते. तिला फोनवर ही कथा सांगितली तर ती म्हणाली, अगं, हे तर आमच्याकडचंच झालं. तिकडे गेलिक फुटबॉल नावाचा प्रकार आहे, त्यात चेंडू हातातही घेता येतो. १ नोव्हेंबर १८८४ ला थर्ल्स नावाच्या गावात, एका हॉटेलात काही मंडळी जमली आणि आपल्या मातीतल्या खेळांसाठी जीएए ही संघटना काढली. आज त्यांच्या क्रोक पार्क मैदानात ८२ हजार माणसं बसतात. आणि खेळणाऱ्याला मानधन शून्य! रविवारी ८२ हजारांपुढे खेळलेला माणूस सोमवारी शाळेत गणित शिकवतो. क्लब असतो पॅरिशचा, म्हणजे एका चर्चच्या हद्दीतल्या वस्तीचा. बहुतेक खेळाडू जन्मभर त्याच क्लबचे. १९२० मध्ये २१ नोव्हेंबरला ब्रिटिश सरकारच्या पोलिसांनी याच क्रोक पार्कमध्ये सामना चालू असताना गोळीबार केला. १४ जण गेले, त्यांत मायकेल होगन हा खेळाडू होता. आज तिथला मुख्य स्टँड त्याच्या नावाने आहे. शंभर वर्षं होऊन गेली, तरी तो कुठल्या परगण्याकडून खेळत होता हे लोक सांगतात. टिपरेरी.

मग तिने एक गोष्ट सांगितली, ती मात्र मला टोचली. तिकडच्या खेड्यांतली पोरं डब्लिनला जातात, परदेशी जातात. काही गावांत अकरा-पंधरा जण जमत नाहीत म्हणून शेजारशेजारचे क्लब एकत्र करावे लागतात.

आमची बदली हीच आहे. बदलीचा कागद आता रेल्वे काढत नाही, बारावीचा निकाल काढतो. आमच्या कॉलनीतल्या मुलांची मी मनातल्या मनात मोजदाद केली. गेल्या दहा वर्षांत बारावी झालेल्यांपैकी निम्म्याहून जास्त पुण्याला. जळगाव सोडताना पोरांना वाईट वाटत नाही, उलट सुटल्यासारखं वाटतं, आणि आपणच त्यांना तसं शिकवलंय. येत्या जूनमध्ये धाकटाही जाईल. म्हणजे ज्या लीगसाठी तो जीव टाकतोय ती त्याला धड एक हंगामही खेळायला मिळणार नाही. हे त्याला ठाऊक आहे की नाही, म्हणून एकदा हळूच विचारलं. म्हणाला, "माहितीये आई. म्हणूनच घाई करतोय."

यावर काय बोलणार? मी चहा टाकायला गेले.

मध्यंतरी एका दुकानदाराने आठही संघांना कपडे देऊ केले होते. अट एवढीच, की संघाला दुकानाचं नाव. मुलं हरखली. मी विरोध केला, आणि जरा जोरातच केला. दुकानाचं नाव पाठीवर लावा, बाहीवर लावा, पण संघाचं नाव शनिपेठ ते शनिपेठच राहू दे. दुकान उद्या बंद होईल नाहीतर मालकाचा मूड जाईल. माझे आजोबा गिरणीच्या हुतूतू संघात होते. गिरणीचा भोंगा बंद झाला, त्या दिवशी संघही गेला. शनिपेठ कुठे जात नाही.

आणि आपल्याकडे तालमी नसल्या तरी गणेश मंडळं आहेतच की. मंडळ वर्गणी गोळा करतं, पावती फाडतं, हिशेब ठेवतं, रात्र रात्र पोरं जागवतं. तीन पिढ्या चालणारी दुसरी कुठली संस्था आहे आपल्या पेठेत? लीग तिच्या ओसरीवर बसवा, असं माझं म्हणणं. मुलांना ते फारसं आवडलं नाही. मंडळ म्हटलं की त्यांना डीजे आठवतो. पण दोन मंडळांचे अध्यक्ष मैदानासाठी अर्ज करायला तयार झालेत. तिसऱ्यांनी विचारलं, "मुलींचा संघ का नाही?" हा प्रश्न मी विचारायला हवा होता, पण आनंद झाला.

गेल्या रविवारी आमच्या गच्चीवर सगळ्यांची बैठक झाली. नाना खुर्ची टाकून बसले होते. वेळापत्रक, पंच, चुन्याच्या रेषा कोण मारणार, सगळं बोलून झाल्यावर त्यांनी एकच विचारलं, "रजिस्टर कोणाकडे राहणार?" धाकटा म्हणाला, माझ्याकडे. नानांनी मान हलवली. मग त्यांनी मुलांना एकेक करून विचारलं, पुढच्या वर्षी कुठे असशील रे. पुणे, पुणे, नाशिक, पुणे. पिंप्राळ्याचा एक मुलगा मागे कठड्याला टेकून उभा होता. आयटीआय झालाय, वडिलांच्या गॅरेजमध्ये बसतो. तो म्हणाला, "मी कुठे जातो बाबा, इथंच."

नानांनी दोनशे पानी रजिस्टर त्याच्या हातात दिलं. पहिल्या पानावर आठ संघांची नावं लिहून घेतली. मग म्हणाले, "खेळणाऱ्याचं नाव पूर्ण लिहायचं. बापाच्या नावासकट."

त्याने खिशातून पेन काढलं. ग्रीसचे डाग असलेल्या हाताने पहिल्या ओळीत लिहिलं, आणि नानांकडे बघून विचारलं, "बाबा, तुमचंही लिहू का? राइट हाफ?"

पहिला सामना दिवाळीनंतरच्या रविवारी आहे. जळगावात असाल तर या. चटई आणि छत्री आपापली आणावी, पायऱ्या नाहीत.